सरळ चाल

माझ्या बायकोच्या मामांइतका नटूनथटून कोर्टाच्या तारखेला जाणारा माणूस उभ्या मराठवाड्यात सापडायचा नाही, आणि त्यांच्याबरोबर जाऊन जाऊन माझ्याइतका पिट्टा पडलेला भाचेजावईही. मामा चौसाळ्याचे. तारीख लागली की आदल्या दिवशी दाढी, कडक इस्त्रीचा पांढरा सदरा आणि नातेवाइकांना फोन. "यायचंच बरं का!" मग जीपभर माणसं, दशम्या, शेंगदाण्याची चटणी असं सगळं वऱ्हाड संभाजीनगरच्या खंडपीठाकडे निघायचं. आत जेमतेम दोघांना जागा. बाकीची मंडळी लिंबाखाली दशम्या सोडून बसायची. नाव पुकारेपर्यंत दुपार व्हायची आणि पुकारल्यावर दोन मिनिटांत पुढची तारीख. एकदा मी वैतागून म्हणालो, "मामा, एवढी माणसं कशाला?" तर म्हणाले, "जावईबापू, लेकरू एकटं दिसाया नको. समोरच्याला वाटंल, हिला कुणी न्हाई."

लेकरू म्हणजे त्यांची प्रणिता. जन्मापासून तिचा डावा पाय आखूड. तिला जनावरांची डॉक्टर व्हायचं होतं, मार्क होते, दिव्यांगांच्या राखीव जागेवर नंबरही लागला होता. ती जागा अपंगत्व चाळीस टक्के भरलं तरच मिळते. प्रवेशाआधीच्या तपासणीत डॉक्टरांच्या बोर्डाने आकडा त्याच्या खाली लिहिला आणि जागा हातची गेली.

यात चूक कोणाची म्हणाल, तर आमच्या मामांची. पोरगी चालायला लागल्यापासून त्यांचा एकच धोशा होता, "सरळ चाल." अंगणात, शाळेत, लग्नकार्यात, माणसं बघत असली की ती ओठ दाबून, आखूड पायाच्या चवड्यावर तोल सांभाळत अशी चालायची की नवख्याला कळू नये. बोर्डात तर सगळे साहेब लोक, आणि दारातून मामा पुटपुटत होतेच! ती कवायतीतल्या पोरीसारखी ताठ चालून आली. मामांनी मला टाळी दिली, "बघितलं का, कशी चालली!" त्या टाळीपायी पुढे आमच्या जीपच्या किती फेऱ्या झाल्या, ते माझ्या कमरेला विचारा.

शेवटी कोर्टाने फेरतपासणी करायला सांगितली आणि तोवर एक जागा रिकामी ठेवायला लावली. वकीलबाईंनी मामांना बाजूला घेऊन समजावलं, "सोंग अजिबात नको. घरात एकटी असताना चालते, तशीच चालू दे म्हणावं तिला." मामा चार दिवस सांगतो सांगतो करत राहिले. शेवटी मलाच म्हणाले, "तुमीच सांगा. माझ्या तोंडातून निघंना." मी सांगितलं. ती फक्त "बरं, दाजी" म्हणाली.

फेरतपासणीच्या दिवशी मामांनी पहिल्यांदाच कुणाला बोलावलं नव्हतं. सदऱ्याला इस्त्रीही नव्हती. खोलीचं दार अर्धवट उघडं होतं. आतून "चाल" असं ऐकू आल्याबरोबर मामांचं तोंड सवयीने उघडलं, आणि मग त्यांनी ते भिंतीकडे फिरवलं.

"सरळ चालली का?" त्यांनी तसंच विचारलं.

"नाही, मामा."

त्यांनी रुमाल तोंडावर धरला. पुढे बोर्डाचा कागद आला, आकडा चाळीसच्या वर होता, जागा मिळाली. मामांनी पेढे वाटले, पण टाळी कुणाला दिली नाही.

दिवाळीला प्रणिता कॉलेजातून आली तेव्हा मी चौसाळ्यातच होतो. स्टँडवरून घरी जाताना ती भर बाजारातून, डावीकडे झुकत, खुशाल चालत होती. मामा तिची बॅग घेऊन शेजारी. अर्ध्या रस्त्यात त्यांनी हळूच विचारलं, "बाई, सरळ चालताना दुखायचं का गं?"

"लई, अण्णा."

मामांनी बॅग या हातातून त्या हातात घेतली आणि घरापर्यंत तिच्या पावलानं चालत राहिले. त्यांचं ते गप्प चालणं मला पाहवेना. त्यापेक्षा जीपमधला तो कलकलाट परवडला.