‘ओ’ला खूण नव्हती

मी जे काम करायचे त्याला नावं पुष्कळ होती. जाहिरातीत ‘लघुलेखक’, नेमणुकीच्या ऑर्डरमध्ये ‘लघुटंकलेखक’, आणि ऑफिसात शिपायापासून साहेबांपर्यंत सगळ्यांच्या तोंडी ‘स्टेनो’. नेरुळच्या आमच्या सोसायटीतले सेक्रेटरी लघु म्हणजे ज्युनिअर असं समजायचे आणि जिन्यात भेटले की विचारायचे, “मग, दीर्घलेखक कधी होणार?” लहान मुलांना लघु म्हटलं की एकच गोष्ट आठवायची, त्यामुळे त्यांच्यासमोर मी तो शब्द काढतच नसे. आईला मात्र तो फार आवडायचा. साताऱ्याला फोन झाला की ती मावशीला सांगायची, “साहेब बोलतात आणि ही नुसत्या रेघा मारते. त्या रेघा हिच्याशिवाय कुणाला वाचता येत नाहीत.” ती हे कौतुकाने सांगायची. पुढे याच गोष्टीने माझी झोप उडवली.

साताऱ्याच्या इन्स्टिट्यूटमधल्या बाईंनी पहिल्याच दिवशी बजावलं होतं, लघुलेखन म्हणजे थोडं लिहिणं नव्हे, थोड्या जागेत सगळं लिहिणं. ते असं चालतं. शब्द जसा कानावर पडतो तसा बारीक-जाड रेघांनी उतरवायचा. पण ‘आहे’, ‘नाही’, ‘मला’, ‘साहेब’ असे शब्द मिनिटाला दहा वेळा येतात. ते प्रत्येक वेळी पूर्ण लिहायला गेलं तर बोलणारा पुढच्या पानावर पोचतो. म्हणून अशा शब्दांना एकेक ठरलेली खूण असते. खूण काढली की काम झालं. मला त्या खुणा इतक्या पाठ होत्या की कुणी घरी गप्पा मारत असलं तरी माझं बोट मांडीवर चालायचं.

दुसरा धडा पुस्तकात नव्हता, तो नोकरीत मिळाला. साहेब बोलताना अडखळतात, एकच गोष्ट तीनदा सांगतात, वाक्य अर्धं सोडून देतात. चांगली स्टेनो ते सगळं टाइप करताना सरळ करते. नव्वदीच्या मधल्या वर्षांत बेलापूरच्या एका सरकारी ऑफिसात मी लागले तेव्हा माझी ख्याती झाली ती यासाठीच. “मॅडमकडे द्या, त्या करतील व्यवस्थित.” मला शुद्ध मराठीचा भारी अभिमान होता. कुणी ‘आमी’, ‘तुमी’ म्हटलं की माझं नाक मुरडलं जायचं. एसीच्या खोलीत झाकण घालून ठेवलेला ऑफिसातला एकमेव कम्प्युटर बघून नोकरीची काळजी वाटायची, पण मी मनाला समजवायची, मशीन टाइप करेल, भाषा कुठून आणेल?

उरणच्या रस्त्याकडे खाडीच्या बांधावर आमच्या ऑफिसचं एक पाण्याचं गेट होतं. गावचे लोक त्याला उघाडी म्हणत. भरती आली की बंद करायची, ओहोटीला उघडायची. तिथे जासईकडचे एक काका ड्युटीला असत. नव्या शहरासाठी जमीन गेली, तिच्या बदल्यात घरातल्या एका माणसाला नोकरी मिळाली, ती यांना. सही येत होती, वाचायला जमत नसे. एका उधाणाच्या दुपारी पाणी आत शिरलं, शेजारच्या गोदामातल्या सिमेंटच्या गोणी भिजल्या, आणि सुपरवायझरने रिपोर्ट दिला की गेटवरची खुर्ची रिकामी होती, माणूस जागेवर नव्हता. काकांना निलंबित केलं आणि त्यांचा जबाब घ्यायला आमच्या सेक्शनच्या साहेबांसमोर बसवलं. वही घेऊन शेजारी मी.

काका हात जोडूनच बोलत होते. “मी खुर्चीवर नव्हतो साहेब, खोटा कशाला बोलू? उघारीचे खाली व्हतो. ओंडा अरकला व्हता, उघारी लागत नव्हती.” मग उधान, मग ओंडा म्हणजे तो लाकडाचा ओंडका, मग पुन्हा खुर्ची. साहेब घड्याळ बघत होते. माझी पेन्सिल पळत होती. अर्ध्या तासाने मी टाइप केलं ते असं: ‘मी नेमून दिलेल्या ठिकाणी उपस्थित नव्हतो, तथापि जलद्वाराच्या तळाशी आलेला अडथळा दूर करण्यात व्यग्र होतो. सबब माझ्याकडून कर्तव्यात कसूर झालेली नाही.’ दीड पानात सगळं बसवलं. शेवटी नेहमीची ओळ घातली, ‘जबाब वाचून दाखवला, तो बरोबर आहे.’ वाचून दाखवला नव्हता. कुणीच दाखवत नसे. काकांनी सही केली आणि मला म्हणाले, “बाय, बरा लिवलाव ना?” मी मान डोलावली. खरं सांगायचं तर ते दीड पान मला फार आवडलं होतं.

दोन महिन्यांत आमचे साहेब बदलून गेले आणि चौकशी अधिकारी म्हणून मुख्य ऑफिसातून एक वयस्कर गृहस्थ आले. त्यांना स्टेनो हवी होती, म्हणून मला पाठवलं. त्यांनी फाइल उघडली, जबाब वाचला, चष्मा काढला.

“हा माणूस किती शिकलाय?”

“शाळेत गेलेला नाही वाटतं, सर.”

“आणि तथापि म्हणतो? सबब म्हणतो? हे कुणीतरी पढवून लिहून दिलंय. घ्या, नोट घ्या.”

मी घेतली. ‘जबाब पढवलेला दिसतो. सदर इसम खोटी साक्ष देत असल्याचा दाट संशय येतो. समक्ष हजर करावे. समाधान न झाल्यास सेवेतून कमी करण्याची शिफारस करण्यात येईल.’ माझा हात एकदाही थांबला नाही. ‘खोटी’ शब्दाशीसुद्धा नाही. मी ती नोट व्यवस्थित टाइप करून, दोन कार्बन कॉपी लावून, सहीला ठेवली.

सुनावणीला दहा दिवस होते. सांगायचं तर तेव्हाच सांगायला हवं होतं, की सर, ती भाषा माझी आहे. पण माझा परिवीक्षेचा, म्हणजे प्रोबेशनचा, काळ संपायला तीन महिने होते. जबाबात फेरफार केला आणि न वाचता ‘वाचून दाखवला’ लिहिलं, हे कबूल करणाऱ्या बाईला कोण कायम करणार? मी रोज सकाळी ठरवायची, आज बोलू. दुपारी वाटायचं, काका खरंच बोलतायत हे चौकशी अधिकाऱ्यांना आपोआप कळेल. संध्याकाळी बसमध्ये बसले की कळायचं, आजही बोलले नाही.

चौथ्या दिवशी मी जुनी वही घरी नेली. मनात आशा अशी, की काका जसे बोलले तसं वहीत असेल, ती दाखवली की झालं. स्वयंपाकघराच्या ओट्यावर वही उघडली आणि बघते तर काय, ‘हाय’ कुठेच नव्हतं. जिथे जिथे ते ‘हाय’ म्हणाले होते तिथे ‘आहे’ची खूण होती. ‘नाय’च्या जागी ‘नाही’ची, ‘मना’च्या जागी ‘मला’ची. खुणेला कोण बोलतंय ते कळत नाही. साहेब बोलोत नाहीतर काका, खूण तीच. सगळा दोष टाइपरायटरवरच्या हाताचा नव्हता. काकांचं बोलणं माझ्या पेन्सिलीनेच पुसून काढलं होतं.

मग मी ओळ न् ओळ वाचायला लागले आणि तिसऱ्या पानावर थांबले. काही शब्दांना ठरलेली खूण नव्हती, ते मी कानावर पडले तसे पूर्ण लिहिले होते. उघारी. उधान. ओंडा. आणि एका ठिकाणी: ‘वरती हाक मारली. वरशून सुपरवायझर साहेबांनी ओ दिली. मंग पान्यात उतरलो.’ हेच पाचव्या पानावर, आणि हेच सहाव्या पानावर पुन्हा. तीन वेळा त्यांनी सांगितलं होतं. टाइप केलेल्या दीड पानात ते एकदाही नव्हतं.

मला लगेच आठवलं, का नव्हतं ते. ‘ओ दिली’ याला सरकारी मराठीत काय लिहायचं ते मला सुचलं नव्हतं. ‘प्रतिसाद दिला’ लिहून बघितलं, ते साहेबांच्या पत्रासारखं वाटलं. हाक आणि ओ म्हणजे पाल्हाळ, असं ठरवून मी ते गाळलं. काका खाली आहेत हे सुपरवायझरला माहीत होतं. तरी त्याने रिपोर्टमध्ये रिकामी खुर्ची लिहिली. काकांची नोकरी ज्या एका वाक्यावर उभी होती ते मी शोभत नाही म्हणून काढून टाकलं होतं. आईने विचारलं, “पोळी करपतेय, लक्ष कुठंय?” मी वही मिटून पोळी उलटली.

राहिलेले सहा दिवस मी जेवले की नाही ते आठवत नाही. वही पर्समध्ये घेऊन फिरायची. ती हरवली तर? भिजली तर? आणि खरं सांगते, एकदा असंही मनात आलं की हरवली तर बरं होईल. त्या विचाराची मला आजही लाज वाटते.

सुनावणीच्या दिवशी काका इस्त्रीचा शर्ट घालून आले. चौकशी अधिकारी म्हणाले, “त्या दिवशी काय झालं ते सांगा.” काकांनी छातीवर हात ठेवला, डोळे मिटले आणि म्हणायला लागले, “मी नेमून दिलेल्या ठिकानी उपस्थित नव्हतो. तथापी… तथापी जलद्वाराचे…” पुढचं आठवेना. त्यांनी पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली. मागून कळलं, जबाबाची कॉपी त्यांनी आपल्या नववीतल्या मुलीकडून वाचून घेऊन पाठ केली होती. सही केलेल्या कागदापेक्षा वेगळं बोललो तर नोकरी जाईल, असं त्यांना वाटलं होतं. चौकशी अधिकाऱ्यांनी माझ्याकडे बघून भुवई उचलली, जसं काही, बघा, म्हटलं नव्हतं?

काका तिसऱ्यांदा ‘तथापी’शी अडकले तेव्हा माझ्याने ऐकवेना. मी उभी राहिले. “सर, ही वाक्यं माझी आहेत. यांनी असं काही म्हटलं नव्हतं. मी जबाब वाचूनही दाखवला नाही. आणि एक महत्त्वाची गोष्ट मी टाइपच केली नाही.” चौकशी अधिकाऱ्यांनी मला बसायला सांगितलं.

मी वहीतून वाचलं. त्यांनी ऐकून घेतलं आणि म्हणाले, “हे फक्त तुम्हाला वाचता येतं. आज तुम्ही याच्या बाजूने काहीही वाचाल. मी कशावर विश्वास ठेवायचा?”

मग त्यांनीच पलीकडच्या विभागातल्या सीनियर स्टेनो मॅडमना बोलावलं. एकीचं शॉर्टहँड दुसरीला वाचणं कठीण, प्रत्येकीचा हात वेगळा. मॅडमनी वही जवळ नेली, लांब नेली. “हिच्या खुणा काय मला लागत नाहीत, सर. घाईत काढल्यात.” मग त्यांचं बोट तिसऱ्या पानावर आलं. “हे पूर्ण लिहिलंय पण. हाक… हाक मारली. वरशून? असं काहीतरी. सुपरवायझरची खूण आहे ही, ही लागते. आणि मग नुसता ओ. ओ दिली.” त्यांनी पान उलटलं. “इथे पण ओ आहे. इथे पण.”

चौकशी अधिकाऱ्यांनी काकांना विचारलं, “ओ कुणी दिली?” काका आधी माझ्याकडे बघत राहिले. मग त्यांच्या नेहमीच्या आवाजात म्हणाले, “सुपरवायझर साहेबांनी. मी पयल्या दिवसालाच सांगलंय.”

सुपरवायझरना बोलावलं. त्यांना आधी आठवेना, मग थोडं थोडं आठवलं. मला लेखी ताकीद मिळाली आणि परिवीक्षा सहा महिन्यांनी वाढली. मी ते पत्र स्वतःच टाइप केलं, एक शब्दही न बदलता.

महिन्याभराने काकांना कामावर परत घेतल्याची ऑर्डर निघाली. ती घ्यायला ते माझ्या टेबलाशी आले. कागद मला देऊन म्हणाले, “वाचून दाखवा, बाय.” मी सावकाश वाचली, शेवटच्या सहीपर्यंत. त्यांनी सगळी ऐकली आणि अगदी हळू आवाजात, मला वाईट वाटू नये अशा बेताने विचारलं, “हाय तसाच वाचला ना?”

“हो काका. आहे तसंच.”

त्यांनी मान हलवली, कागदाची घडी घातली आणि मला नमस्कार केला. मग दोन टेबलं सोडून बसणाऱ्या क्लार्ककडे गेले, घडी उघडून तो कागद त्याच्यापुढे ठेवला आणि त्याच्याकडून तो पुन्हा पहिल्यापासून वाचून घेतला.