सोमारीबाईचा विचार चालू आहे

जंगलातल्या त्या गोंड गावात सकाळी मोहाच्या झाडाखाली ग्रामसभा बसली होती. बांबू ठेकेदाराला द्यायचा की गावानंच तोडायचा? ठेकेदार तर ट्रक घेऊनच आला होता. "गावानंच तोडायचा का?" असा प्रश्न येताच मी, पाहुणा असूनही, झोकात हात वर केला. शेजारच्या म्हाताऱ्यानं वर फांद्यांत पाहिलं. "दादा, माकड दिसलं का?" सभा खदखदून हसली. इथे हात मोजत नाहीत. एकजण जरी नको म्हणाला, तरी सगळे थांबतात.

सगळा गाव ठेकेदाराला हो म्हणत होता, एकटी सोमारीबाई सोडून. "मागल्या खेपेला यानं कोंबसुद्धा ठेवले नाहीत. मला विचार करू द्या," असं म्हणून ती पानांचे द्रोण टाचत बसली.

मोहाची फुलं टपटपत होती. माझे डोळे जड झाले. वाटलं, दूरच्या समुद्रात स्वतःचं राज्य मागणाऱ्या बेटांवरही माणसं अशीच वाळूत बसली असतील, आणि जाळं विणणाऱ्या एखाद्या आजीसाठी सगळा देश खोळंबला असेल. स्वातंत्र्य म्हटलं की मला आजवर झेंडा आणि बँडच आठवायचा. एका म्हातारीसाठी थांबायची सवड त्यात कधी धरलीच नव्हती.

"आजी, आटपा! ट्रक उभा आहे," ठेकेदार ओरडला.

"मग तू तरी बस, बाबा."

तो बसला नाही. पण हो म्हणणारे एकेक जण सरकत तिच्याजवळ गेले आणि द्रोण टाचू लागले. रिकामा ट्रक वळवायला मात्र सगळ्या गावानं हौसेनं मदत केली.