ट्रंपेटचे तेवीस बार

गुरुप्रसाद खैरनार मूळचे नाशिकचे, बी.कॉम. दोह्याला आले ते एका कंपनीत स्टोअर क्लार्क म्हणून. पुढे एका वाद्यवृंदाच्या ऑफिसात स्वरलिपीचे कागद सांभाळायला लागले. वाद्य एकही येत नव्हतं. पण साठ वादकांपुढे कुठला कागद ठेवायचा, हे त्यांच्याशिवाय कुणाला सापडत नसे.

पाश्चात्त्य संगीताच्या कागदावर उभ्या रेघांनी घरं पाडलेली असतात, त्यांना बार म्हणतात. कागद बाहेर देण्याआधी गुरुप्रसाद प्रत्येक वाद्याचे बार पेन्सिलीने मोजत. सगळ्यांची बेरीज सारखी यायलाच हवी, हा त्यांचा नेम. एकदा तो अंगाशी आला होता. एका रचनेच्या आरंभी काही वाद्यांच्या कागदावर अर्धंच घर होतं. ते मोजायचं नसतं. गुरुप्रसादांनी मोजलं आणि भर तालमीत वाद्यवृंद थांबवला. तेव्हापासून मॅनेजर विजयकुमार त्यांना ‘मोजणीकाका’ म्हणायचा. सोलापूरचा असल्याने टोमणा मराठीतच मारायचा.

फुटबॉलच्या वर्ल्ड कपला आठ महिने उरले होते. एका नव्या स्टेडियमवरची फिल्म पाहुण्यांना दाखवायची होती आणि पडद्याखाली वाद्यवृंद प्रत्यक्ष वाजवणार होता. संगीत लंडनच्या डेरेक थॉर्नलींचं. चाळीसहून अधिक वर्षं त्यांनी सिनेमे आणि टीव्ही मालिका केलेल्या. त्यांच्या एका पोलीस मालिकेची धून तिकडचे टॅक्सीवालेही शिटीवर वाजवत.

कार्यक्रमाच्या दिवशी दुपारी फिल्म दोन सेकंदांनी कापली गेली. कार्यक्रमासाठी दोह्यात आलेल्या थॉर्नलींनी एक बार काढून टाकला, नवे कागद छापून आले. पुन्हा तालमीला वेळ नव्हता.

गुरुप्रसाद मोजायला बसले. सगळीकडे दोनशे तेरा, ट्रंपेटला दोनशे चौदा. पुन्हा मोजलं, तेच. शेवटच्या उठावणीआधी ट्रंपेटवाले चोवीस बार गप्प बसत. काढलेला बार त्यातलाच होता, पण त्यांच्या कागदावर गप्प घरांचा नुसता आकडा लिहिलेला असतो, तो चोवीसच राहिला होता. पडद्यावर स्टेडियमचे दिवे लागणार आणि ट्रंपेट एक घर मागून येणार!

“विजयकुमार, ट्रंपेटचा कागद दुरुस्त करायला हवा.”

“मोजणीकाका, आता नको! अहो, त्या माणसाच्या घरी बक्षिसांचं कपाट आहे. त्याची चूक तुम्ही काढणार?”

“चूक नाही काढत. बेरीज लागत नाही, एवढंच सांगतो.”

“मागेही हेच म्हणाला होतात. तुमच्या रिन्यूअलचं पत्र माझ्या टेबलावर पडलंय. वरचे विचारतायत, सगळं टॅब्लेटवर येत असताना हा माणूस कशाला? आज पुन्हा फजिती केलीत तर खलास.”

मुलगी अंतरा बारावीत होती. गप्प बसले असते तर दोष छापणाऱ्यावर गेला असता, यांना कुणी विचारलंही नसतं. गुरुप्रसादांनी पहिलं घर नीट तपासलं. पूर्ण होतं. कागद उचलून त्यांनी सरळ थॉर्नलींच्या खोलीचं दार वाजवलं.

म्हातारा सँडविच खात होता. हात पुसून त्याने बोट ठेवत ठेवत पान मोजलं आणि वर पाहिलं.

“तुम्ही वाजवता काय?”

“नाही सर. मी कॉमर्सचा.”

थॉर्नली खो खो हसले. “माझी पहिली नोकरी हीच. एका स्टुडिओत दुसऱ्यांचं संगीत शाईने उतरवून काढायचो. एकदा एक बार गाळला, सगळ्यांदेखत संगीतकाराच्या शिव्या खाल्ल्या. मग रोज मोजायला लागलो, म्हणून त्याच माणसाने मला पहिली मालिका मिळवून दिली. नाव झालं आणि मोजणं सुटलं.” त्यांनी आपली पेन्सिल पुढे केली. “दुरुस्ती तुमच्या हातानेच होऊ द्या.”

संध्याकाळी गुरुप्रसाद विंगेत उभे राहून बोटांच्या पेरांवर मोजत होते. एकवीस, बावीस, तेवीस. पडद्यावर दिवे लागले आणि त्याच क्षणी तिन्ही ट्रंपेट अशी कडाडली, की पाहुणे उठून उभे राहिले.

टाळ्या थांबेनात. थॉर्नली विंगेत आले आणि मनगट धरून गुरुप्रसादांना स्टेजवर घेऊन गेले. माइकवर म्हणाले, “आजचं ट्रंपेट यांच्यामुळे वेळेवर आलं.” तिसऱ्या रांगेत बायको शोभा डोळे पुसत होती. घरी एरवी मान वर न करणारी अंतरा खुर्चीवर चढून ओरडली, “दॅट्स माय बाबा!”

सकाळी विजयकुमार स्वतः पत्र घेऊन आला. “काका, दोन वर्षांचं आहे. सही करा.”

गुरुप्रसादांनी पानं मोजली. “एक पान कमी आहे.”

विजयकुमार ते आणायला गेला.