सहलीतला भगत

आमच्या शांती नगरातल्या महिला मंडळाला सहलींची भारी हौस. त्या वर्षी कुणीतरी अर्ध्या दिवसाची सहल शोधून काढली, 'आदिवासी संस्कृती ग्राम'. काशिमिऱ्याच्या मागे डोंगराच्या पायथ्याशी कुणा पैसेवाल्याने जागा घेऊन उभारलेलं. सकाळी बसने जायचं, गाइडबरोबर फिरायचं, दुपारी जेवून परत. माणसांना बघायला तिकीट काढायचं हे मला पटत नाही, आणि तसं मी मंडळाच्या मीटिंगमध्ये तोंडावर बोलले होते. तेव्हापासून तिथे माझं फारसं कौतुक होत नाही. तरीही दोन नावं मीच दिली, माझं आणि आईचं. आईला चार तास घराबाहेर काढणं भाग होतं, कारण येत्या अमावस्येला बाबांचं कार्य ठरलं होतं.

बाबा बारा वर्षांपूर्वी घरातून गेले. कंपनी बंद पडल्यापासून ते गप्पगप्पच असायचे. एका सकाळी स्कूटर घेऊन निघाले आणि जेवायला परतले नाहीत. दुसऱ्या दिवशी राई गावाच्या खाडीकडे जाणाऱ्या रस्त्यावर स्कूटर सापडली, कडेला नीट लावलेली, कुलूप घातलेली. बाबा सापडले नाहीत. राईच्या मच्छीमारांनी होड्या घालून दोन दिवस खाडी धुंडाळली, पोलिसांनी कागद रंगवले, आणि आम्हा भावंडांना जे समजायचं ते आम्ही मनात समजून घेतलं. आई मात्र त्या कुलपावर अडून बसली. जीव द्यायला निघालेला माणूस स्कूटरला कुलूप लावेल का, असं ती विचारायची. आम्ही ताटात बघत जेवायचो. मग तिनेही विचारणं सोडलं, आणि बाबा हा विषय घरातून गेला.

पितृपक्ष आला की मात्र पंचाईत व्हायची. पान वाढायचं की नाही? आई वाढू द्यायची नाही. शेवटी रत्नागिरीहून काका येऊन बसले. बारा वर्षं वाट बघितली, आता पळसाच्या पानांचा पुतळा करून त्याला अग्नी द्यायचा आणि दिवस घालायचे, शास्त्रात तशी सोय आहे, असं त्यांनी तीन दिवस तिला समजावलं. भाऊ समजावत होता, मीही समजावत होते. आम्हाला सुटका हवी होती, खोटं कशाला बोलू. चौथ्या दिवशी ती "करा काय ते" एवढंच म्हणाली. काकांनी लगेच गुरुजींना फोन लावला आणि अमावस्येचा दिवस ठरवून ते परत गेले. त्या दिवसापासून आईचं जेवणातलं लक्षच उडालं, म्हणून ही सहल.

संस्कृती ग्रामाच्या दारात दोन बायकांनी आमच्या कपाळाला गेरू लावला. गाइड तिशीचा, गळ्यात ओळखपत्र, कानाला माइक. "ये लोग नेचर के साथ रहते हैं, टेन्शन नाम की चीज नहीं इनकी लाइफ में," असं तो म्हणाला तेव्हा ते लोग त्याच्या शेजारीच उभे होते. त्यातल्या एकीच्या पायाला काहीतरी लागलेलं होतं, चिंधी बांधलेली. ती आमच्याकडे बघून हसत होती, कारण हसणं हे तिचं काम होतं. माझं डोकं तिथेच फिरलं.

झोपड्या छान होत्या. कारवीच्या कुडाच्या भिंती, शेणाचा सारवा, वर पांढरी चित्रं. एका झोपडीत भिंतीला सूप टांगलेलं, त्याच्यामागे विजेचा बोर्ड लपवला होता. खरा पाडा कुंपणापलीकडे, पत्र्याच्या छपरांचा. तिकडे बोट करून कुणीतरी विचारलं तर गाइड म्हणाला, तो टूरमध्ये नाही. मग तारपा वाजला, आमच्या बायका फेर धरून नाचल्या, एकमेकींचे व्हिडिओ काढले. आई बाकावर हातात पर्स धरून बसली होती. मी तिला दोनदा विचारलं, बरं वाटतंय ना? दोन्ही वेळा तिने मान हलवली.

सगळ्यात शेवटी भगताची झोपडी. गाइडने मोठ्या उत्साहाने जाहीर केलं की आजारपण असो की हरवलेली वस्तू, पाड्यातले लोक भगताला विचारतात, तो तांदळाचे दाणे बघून सांगतो, ज्यांना हवं त्यांनी एकेक प्रश्न विचारा. आत जागा थोडी होती, बायका रांगेने आत-बाहेर करत होत्या, फिदीफिदी हसत होत्या. मी आईसाठी पाण्याची बाटली आणायला गेले. परत आले तो आई रांगेत पुढे सरकून भगतासमोर बसलेली. मला वाटलं, बसली असेल पाय दुखले म्हणून.

भगत साठीचा होता, डोक्याला लाल फडकं, उघडं अंग. त्याने नेहमीच्या सवयीने तिला विचारलं, काय बघायचं. आई अगदी साध्या आवाजात म्हणाली, "घरातलं माणूस गेलंय. आहे का, एवढंच बघा."

मागच्या बायकांचं हसू थांबलं. आमच्या बिल्डिंगमध्ये सगळ्यांनाच ठाऊक आहे. भगताने एकदा गाइडकडे बघितलं. मग सुपात चिमूटभर दाणे टाकले, बोटाने दोन-दोन करून बाजूला सारले, आणि मान वर न करता म्हणाला, "हाय. बरा हाय. येल."

आईने त्याला हात जोडले. मी तिला हाताला धरून बाहेर काढलं, तेव्हा तिचा हात गरम होता. बसमध्ये ती खिडकीशी बसली आणि घोडबंदरच्या वळणापासून घरापर्यंत बाहेर बघत राहिली. घरी आल्यावर तिने चप्पल काढली आणि काकांना फोन लावला. कार्य करायचं नाही, म्हणाली. ते आहेत.

पुढचे चार दिवस कसे गेले ते सांगण्यासारखं नाही. काकांनी मला फोनवर सोलून काढलं, तिला तिथे न्यायची अवदसा मला कुठून आठवली म्हणून. भाऊ दाराआड जाऊन रडला. आईने कपाटातून बाबांचे शर्ट काढले, धुतले आणि गॅलरीत वाळत घातले. समोरच्या विंगमधून कुणीही बघू शकत होतं, आमच्या घरात पुरुषाचे सात शर्ट वाळतायत आणि त्यातला एकही माझ्या भावाच्या मापाचा नाही. मी ते बघून इतकी संतापले की मला त्या भगताची मान धरावीशी वाटली. ऑफिसला अर्ध्या दिवसाची रजा टाकून मी रिक्षाने तिकडे गेले.

सहल नव्हती, फाटक नुसतं लोटलेलं. भगत कुंपणापलीकडे पाड्यात भेटला, अंगात कुठल्यातरी निवडणुकीचा टी-शर्ट, छपरावर ताडपत्री बांधत होता. एरवी तो पेणकरपाड्याच्या एका कॉम्प्लेक्समध्ये माळीकाम करायचा आणि बस येणार असली की इथे यायचा. त्याने मला ओळखलं नाही. मी आईचं सांगितलं, खाडीचं सांगितलं, शर्टांचं सांगितलं. माझा आवाज चढला होता. तो खाली उतरला आणि ऐकत उभा राहिला. मग म्हणाला की भगत त्याचा बाप होता. त्याला स्वतःला दाणे बघता येत नाहीत, बापाने शिकवलंच नाही. पाव्हण्यांना वाईट सांगायचं नाही, असं इथल्या साहेबांनी बजावलंय, म्हणून तो सगळ्यांना चांगलंच सांगतो.

मी म्हटलं, मग आता माझ्याबरोबर चला आणि तिला खरं सांगा. ते गेले, असं सांगा. तुमच्या तोंडून ती ऐकेल.

त्याने ताडपत्रीची दोरी हातातच धरली होती. "ताई, तुमाला ठाव हाय का, तो गेलाय त्ये?"

मी कुंपणाकडे बघितलं.

"मंग मी कसा सांगू?" तो म्हणाला. "एकदा सांगलं, माझं चुकलं. दुसऱ्यांदा न्हाय सांगनार."

त्याच्या घरातल्या बाईने मला पाणी दिलं. ते पिऊन मी निघाले. परतीच्या रिक्षात मला रडू आलं, आणि ड्रायव्हर आरशातून बघत होता म्हणून त्याचाही राग आला.

घरी आई पलंगावर बसून वाळलेल्या शर्टांच्या घड्या घालत होती. भाऊ कामावरून यायचा होता. मी पर्स ठेवायच्या आत ती म्हणाली, "तिथे गेली होतीस ना?"

मी हो म्हटलं. तो भगत नाहीच, माळी आहे, सगळ्यांना तेच सांगतो, हे मी एका दमात सांगून टाकलं. तिला धक्का बसेल म्हणून तिच्याजवळ जाऊन बसलेही. ती कॉलर सरळ करत राहिली.

"मला ठाऊक आहे," ती म्हणाली. "माझ्या आधी तिघी होत्या. तिघींनाही त्याने तेच सांगितलं. एकीने तर मांजराचं विचारलं होतं."

"मग कार्य का मोडलंस?"

तिने हातातला शर्ट घडीवर ठेवला. बोलली तेव्हा तिच्या आवाजात राग नव्हता, आणि तेच मला सहन होईना. "बारा वर्षांत या घरात एकदासुद्धा कुणी मला म्हटलं नाही, आहेत म्हणून. तू नाही, तुझा भाऊ नाही. मी विचारलं की तुम्ही ताटात बघायचात. कुणीतरी एकदा म्हणायला हवं होतं. खोटं म्हटलं असतं तरी चाललं असतं गं. ते ऐकल्याशिवाय कसा अग्नी द्यायचा माणसाला? चार दिवस ते आहेत असं धरून राहिले. पुरे झालं."

मी तिचा हात धरला. आई, असतील गं ते, बरे असतील, असं म्हणायला तोंड उघडलं.

"आता तू नको म्हणूस," ती म्हणाली. मग माझ्या हातातून हात सोडवून तिने फोन घेतला आणि गुरुजी अमावस्येला अजून मोकळे आहेत का, ते काकांना विचारलं.