गोदाबाईचे हात

"तिच्या पाया पड."

वॉर्डाच्या मधोमध उभा राहून तो हे म्हणाला. सकाळचे नऊ वाजलेले. वीस खाटा, खाटेवर एक पेशंट, खाटेखाली दोन नातेवाईक, आणि सगळे बघताहेत. माझ्या पांढऱ्या गणवेशावर छातीपासून कमरेपर्यंत चहा. सांडलेला नाही, फेकलेला. कातडी भाजत होती. आणि माफी मी मागायची होती.

म्हणणारा आबासाहेब, हसनाबादच्या पलीकडच्या एका गावचा बडा जमीनदार. चहा फेकणारी त्याची आई गोदाबाई, सात नंबरच्या खाटेवर. आमचे डॉक्टर शेजारी उभे, नजर केसपेपरात.

"सिस्टर, मागा माफी. विषय संपवा," ते म्हणाले.

आबासाहेबाचा विषय एवढ्यात संपणारा नव्हता. तो डॉक्टरांना म्हणाला, "हिच्या हातचं आमच्या घरात कोणी पानी पीत न्हाई. आन् तुम्ही चहा द्यायला हिलाच लावता?"

आमची वस्ती गावाच्या खालच्या अंगाची. हे त्याला माझ्या आडनावावरून कळलं होतं. आडनाव माझ्या छातीवरच्या पट्टीवर होतं, चहात भिजलेलं.

मी वाकले. हो, वाकले. नातवंडांना वाटतं आजी जन्मापासून वाघीण. त्या दिवशी आजी गोगलगाय होती. एका हातानं डोक्यावरची टोपी धरली आणि दुसऱ्या हातानं पाया पडली. भाजलेल्या छातीची नाही, इज्जतीची नाही, आजीला टोपी पडायची काळजी.

गोदाबाईनं पाय पटकन चादरीत ओढले. "पायाला काय लावलंस?" असं तिनं विचारलं. दोन-चार जण हसले. मी भांड्यांच्या खोलीत जाऊन गणवेश पाण्याखाली धरला.

आता खरं सांगते. त्या चहात गोळी होती.

आमच्या वॉर्डची ती रीतच होती. मनाचा आजार असलेलं माणूस गोळी घेत नसलं की गोळी खलात कुटायची, चहात घालायची, वर दोन चमचे साखर. पहिल्याच आठवड्यात मोठ्या सिस्टरनी शिकवलं होतं. मनाच्या आजाराचे डॉक्टर पंधरा दिवसांतून एकदा यायचे, गोळ्या लिहून जायचे. मधले चौदा दिवस पेशंट आमच्या गळ्यात. मी नोकरीला नवी, इस्त्रीची घडी न मोडलेली. घरी आरशासमोर उभी राहून "गप झोपा" असं हुकमी आवाजात म्हणायची तालीम करायचे. खिशाला उलटं घड्याळ अडकवलं की मी अर्धी डॉक्टर झाले, असा माझा पक्का समज होता. गोळी कुटण्यात तर माझा हात कोणी धरायचा नाही. पीठ करायचे.

गोदाबाईचा आजार असा, की भिंतीतून कोणीतरी बोलतं आणि सगळे मिळून आपल्या खाण्यात विष कालवतात. दोन दिवस तिनं चहा मुकाट्यानं घेतला. तिसऱ्या दिवशी चहावर पांढरी भुकटी तरंगत राहिली. तिनं बोट बुडवलं, बोटाकडं बघितलं, मग माझ्याकडं. त्या नजरेत वेड नव्हतं. मी लगेच आरशासमोरच्या तालमीतली टोपीवाली सिस्टर झाले आणि कप परत पुढं करून म्हणाले, "काही नाही त्यात, प्या." तोच कप माझ्यावर आला.

जिला वाटतं की लोक आपल्या खाण्यात काहीतरी मिसळतात, तिच्या खाण्यात मी खरोखर मिसळलं. वर तोंड करून नाही म्हणाले. आणि आमच्या दोघींत वेडी ती.

पण एवढी अक्कल त्या दिवशी कुठली असायला. त्या दिवशी फक्त राग होता. आबासाहेबावर काढता येत नव्हता, त्याची ऊठबस मोठ्या लोकांत. डॉक्टरांवर काढता येत नव्हता, माझा गोपनीय अहवाल ते लिहायचे. मग राहिलं कोण?

दुसऱ्या दिवशी ताप बघायला गेले तर गोदाबाईनं थर्मामीटर उडवून दिलं. मी त्याचीच वाट बघत होते. ट्रेमधून पट्टीचे दोन रोल उचलले. वॉर्डात दांडगाई करणाऱ्याला खाटेच्या गजाला बांधायचं, हीही रीतच. माझी इच्छा होती की तिनं झटापट करावी, चार शिव्या द्याव्यात, म्हणजे मला गाठ आवळून मारता येईल. एवढी चांगली परिचारिका होते मी.

तिनं झटापट केलीच नाही. पट्टी बघितली आणि दोन्ही हात आपणहून पुढं केले. मनगटाला मनगट लावून. जुना बैल जू दिसलं की मान पुढं करतो तसे.

बांगड्या कोपराकडं सरकल्या. खाली वळ होते. काळे, जुने, एकावर एक.

भरती करताना आबासाहेबानं सांगितलं होतं की बांगड्या घट्ट आहेत, त्याचे वळ. आणि मी केसपेपरावर लिहिलं होतं, 'बांगड्यांचे वळ'. माझ्या वळणदार अक्षरात, खाली सहीसकट.

मी तशीच उभी. गोदाबाई मला समजावायला लागली. बांधणाऱ्याला घाई असते हे तिला माहीत असावं. म्हणाली, "बांध की. गाय व्यायली की सोडतेत मला. गोठ्यात जागा लागती ना."

मी रडले नाही. पट्टी ट्रेमध्ये टाकली आणि मागच्या नळावर गेले. तिथं हमीदाखाला भांडी विसळत होती. वॉर्डाची आया, माझ्यापेक्षा वीस वर्षांनी मोठी, शिक्षण शून्य. गोदाबाई फक्त तिचं ऐकायची. हमीदाखाला तिच्या खाटेजवळ जमिनीवर बसून मेथी निवडल्यासारखी निवांत बोलायची, हे मी रोज बघत होते आणि मनात तिला अडाणी म्हणत होते. मी तिला सगळं सांगितलं, गोळीचंसुद्धा. तिनं वर बघितलंही नाही.

"बोलके दे ना उसकू. छुपाके कायकू देती?"

तीन वर्षांच्या नर्सिंगच्या शिक्षणात हे वाक्य मला कोणी सांगितलं नव्हतं. पट्टीच्या गाठीचे पाच प्रकार शिकवले होते.

दुपारी मी गोदाबाईकडं गेले. हमीदाखाला बसायची तशी बसले, तिच्या नजरेच्या खाली, थोडं बाजूला, दाराची वाट मोकळी सोडून. गुडघे कुरकुरले, टोपी काढून ठेवली. म्हणाले, "बाई, चहात मी गोळी घातली होती. ती विष न्हाई, औषध हाय. पर तुम्हाला न सांगता घातली. चुकलं माझं."

ही माफी मागायला मला कोणी वाकवलं नव्हतं.

तिनं विचारलं, "किती दिस घातली?"

"दोन दिस."

"तिसऱ्या दिशी घावलीस." आणि चोर पकडल्यासारखी खूश झाली.

त्यानंतर माझी खरी शिकवणी सुरू झाली. गोळीचं पाकीट तिच्या हातात द्यायचं, तिच्यासमोर फोडायचं. गोळीचं नाव सांगायचं. तोंडाला कोरड पडेल, झोप येईल, हेही सांगायचं. नको म्हणाली तर बरं म्हणायचं आणि तासाभरानं परत यायचं, तोंड वाकडं न करता. हात लावायच्या आधी सांगायचं की आता हात लावते. भिंतीतून बोलतात म्हणाली, तर कोणी बोलत नाही असं म्हणून भांडायचं नाही, आणि हो हो मलाही ऐकू येतं असं खोटंही बोलायचं नाही. "मला ऐकू येत न्हाई, पर तुम्हाला तरास होऊन राह्यला ते दिसतंय," एवढंच. सोपं वाटतं ना? चार दिवस गोळीला हात लावला नाही तिनं. दोनदा माझ्या अंगावर थुंकली. मी नळावर जाऊन तिला पोटभर शिव्या द्यायचे, तोंड धुवायचे आणि परत यायचे. देवी-बिवी नव्हते मी.

पाचव्या दिवशी गोळी घेते म्हणाली. मग माझ्या हातातल्या पेल्याकडं बघून थांबली. वेड लागलं होतं, जात विसरली नव्हती. माझ्या आतून सणक उठली. पण तिचा आजार ही माझी नोकरी होती. तिच्या जातीची चाकरी ही माझी नोकरी नव्हती.

म्हणाले, "पानी तुमचं तुम्ही नळावरून घ्या. गोळी मात्र माझ्या तळहातावरून उचलावी लागंल."

तिनं उचलली. त्यानं जगातलं काही बदललं नाही. गोळी पोटात गेली, बस. पण रोज जायला लागली. हळूहळू भिंतीचा आवाज बारीक झाला, असं तीच म्हणाली. केस विंचरायला लागली.

आणि बाराव्या दिवशी आबासाहेब जीप घेऊन आला. घरात त्याच्या मुलीची सोयरीक जमत होती, पाहुण्यांच्या कानावर जायच्या आत आईला दवाखान्यातून हलवायचं होतं. गोदाबाईनं त्याला बघितलं आणि खाटेचा गज दोन्ही हातांनी धरला. बोटं पांढरी पडली. तिला कुठं जायचं ते तिला माहीत होतं. आता मलाही माहीत होतं.

डॉक्टर आले. मनाचे डॉक्टर तीन दिवसांनी येणार, तोवर थांबा, असं ते पुटपुटले. आबासाहेबानं कोणा बड्या माणसाचं नाव घेतलं. डॉक्टर माझ्याकडं वळले. "सिस्टर, हात बांधा आणि गाडीत बसवून द्या."

खोटं कशाला सांगू, नोकरीची भीती होतीच. घरी आईचा दमा, माझ्या पगारावर सगळं. मी टेबलाशी गेले, रिपोर्टची वही उघडली आणि लिहायला लागले.

"काय सांगितलं तुला?" आबासाहेब म्हणाला.

"मी बांधणार न्हाई."

"सांगतंय कोण, कळतंय का?"

"कळतंय. त्याचंच नाव लिहून राह्यले."

लिहिलं ते असं. दोन्ही मनगटांवर दोरीचे जुने वळ. आधीची 'बांगड्यांचे वळ' ही नोंद चुकीची, ती मीच केली होती. पेशंट सात दिवस स्वतः गोळी घेते, कोणाला मारत नाही. मुलानं आणि डॉक्टरांनी बांधायला सांगितलं, मी नकार दिला. वेळ, तारीख, सही. लिहून झाल्यावर मोठ्यानं वाचलं. शाळेत पाढे म्हणावेत तसं, अख्ख्या वॉर्डाला ऐकू जाईल असं.

आबासाहेब आईच्या खाटेकडं निघाला. तेवढ्यात हमीदाखालानं पाण्याची बादली नेमकी त्याच्या वाटेत ओतली आणि पोचारा घेऊन खाली बसली. "गीला है साब, गिरोगे."

डॉक्टरांनी वही दोनदा वाचली. वहीतलं पान फाडलं तर नंबर चुकतो, हे त्यांनाही ठाऊक होतं. त्यांनी पेनाला टोपण लावलं. त्या दिवशी गोदाबाईला सोडल्याच्या कागदावर सही झाली नाही. मनाच्या डॉक्टरांनी तिला तपासलं, वळ तपासले, मुलाला समोर बसवून खडसावलं, आणि आणखी आठ दिवस ठेवलं. ती गेली तेव्हा आपल्या पायांनी गेली, गोळ्यांचं पाकीट कमरेला खोचून, जीपच्या पुढच्या सीटवर.

पुढं तिचं काय झालं मला माहीत नाही. गोठा की घर, माहीत नाही. मी पत्ता शोधला नाही, कारण महिन्याभरात माझी बदली जाफराबादला झाली आणि मी स्वतःच्याच रडगाण्यात बुडाले. हे माझ्या नावावर आहे. ते मी खोडणार नाही.

आज माझी नोकरी संपून बरीच वर्षं झाली. मागच्या महिन्यात एका नर्सिंग कॉलेजात बोलायला नेलं. शाल दिली, नारळ दिला. विषय, 'अवघड रुग्णाशी कसं वागावं'. तिथल्या शिकवणाऱ्या बाईंनी आधीच कानात सांगितलं की त्याग, सेवा, हसरा चेहरा, असं काहीतरी बोला, मुलींना जरा बरं वाटेल. मी गोदाबाईचं सांगितलं. मुली मन लावून ऐकत होत्या. मग पहिल्याच बाकावरच्या मुलीनं विचारलं, "मॅडम, पण बांधायचं असलं तर गाठ कुठली मारायची?"

एवढी वर्षं. एवढी वर्षं गेली आणि प्रश्न गाठीवरच अडकलाय.

मी विचारलं, कुठं बघितलंस बांधताना? ती बाईंकडं बघायला लागली. शेवटी बोलली. ट्रेनिंगच्या वॉर्डात एक बाई आहे, तीन दिवस खाटेला बांधलेली. एका सिस्टरवर पस्तीस पेशंट, म्हणून. कोणी सांगितलं बांधायला? तिनं पुन्हा कॉलेजच्या बाईंकडं बघितलं. कुठं लिहिलंय? कुठंच नाही. परवा त्या बाईच्या भावानं ह्या मुलीच्या कानाखाली मारली, तेही कुठं लिहिलेलं नाही. त्यावर तिला सांगण्यात आलं की पेशंटचे लोक आहेत, समजून घे.

कॉलेजच्या बाईंनी घड्याळ बघितलं आणि आभार मानायला उठल्या. मी माईक सोडला नाही. म्हणाले, आजारी माणसाचा मार समजून घ्या, शहाण्याचा बिलकुल नाही. आणि पस्तीसला एक सिस्टर ठेवतो तो कोण, त्याचंही नाव लिहा. त्यानंतर टाळ्या कमी पडल्या. पुन्हा मला कोणी बोलावणार नाही.

बोलवू नका. त्या मुलीचा नंबर मी घेतला आहे. उद्या सकाळी ती ड्युटीवर जाईल तेव्हा मी तिच्यासोबत त्या वॉर्डात जाणार आहे. त्या बाईच्या खाटेशी खाली बसणार आहे, गुडघे साथ देवोत न देवोत. वही मागणार आहे. ती मुलगी लिहील, मी शेजारी बसून वाचीन, आणि त्या बाईचे हात सुटेपर्यंत तिथून हलणार नाही.