व्याजाचं घर

सावली गावात आम्ही घर बांधायला काढलं, तेव्हा घर गहाण ठेवून कर्ज देणाऱ्या चांद्याच्या सोसायटीचा कारकून जागा पाहायला आला. जमिनीवर राखेनं चार खोल्या आखल्या होत्या, बाकी सगळं मोकळं रान. तरी पठ्ठ्यानं आखलेल्या दारापाशी चपला काढल्या. कुठंही गेला तरी तो असंच करी. बोलायच्या आधी "मी काय म्हन्तो" म्हणे, आणि मग बराच वेळ काहीच म्हणत नसे.

त्यानं राखेचं टोपलं मागितलं. आमच्या आखणीला लागून तेवढ्याच चार खोल्या आखल्या, चपला घातल्या आणि त्यांच्या मधोमध जाऊन उभा राहिला.

"मी काय म्हन्तो, गुरुजी... हे व्याजाचं घर. शेवटचा हप्ता फिटेपर्यंत हेबी तुमालेच बांधा लागन. राहाले मात्र भेटन नाई."

"मंग तिथी चपला काऊन घातल्या?" बायकोनं विचारलं.

"हे तुमचं नोहे ना, बाई."

मी चिडलोच. बायकोनं मात्र पायानं आमच्या दोन खोल्या पुसल्या. तेव्हा त्यानंही पलीकडच्या दोन चपलेनं पुसल्या. कर्ज निम्मंच घेतलं, लवकर फिटलं, घर गहाणातून सुटलं.

त्या पलीकडच्या जागेत आता आमची वांगी लागतात. दरवर्षी पहिला तोडा त्या कारकुनाचा. यंदा म्हटलं, हातानं तोडून न्या. वाफ्याच्या कडेला तो थांबला, वाकला, आणि त्यानं चपला काढल्या.