अनसूयाबाईंची साक्ष

हिवरखेडहून अनसूयाबाईंच्या सुनेचा फोन आला तेव्हा मी तूर पाखडत होते. "मावशी, आमच्या बाई गेल्या." मी सुपातली तूर पाखडून संपवली आणि मगच निघाले. काम अर्धवट टाकून आलेली बाई अनसूयाबाईंना खपली नसती.

त्याला आता महिना होत आला. मेलेल्या माणसाला लोक लगेच देवमाणूस करतात. अनसूयाबाई तशा नव्हत्या. तोंडाच्या तिखट होत्या. अचलपूरजवळच्या आमच्या गावात त्यांच्या वडिलांचं वावर माझे सासरे वाहत, मग आमचे हे. आम्ही कूळ आणि त्या मालकाची लेक, हिवरखेडला दिलेली. माहेरी आल्या की वावरात यायच्याच. आगटीजवळ पोत्यावर बसून हुरडा खायच्या आणि मला नावं ठेवायच्या. "काय वं, कनसं भाजून राहिली का कोयसा करून राहिली?" मी नवी नवरी, चौथी शिकलेली. त्याही तेवढ्याच. दोघींचं जमलं. त्या हुरड्याची चव आता कशालाच नाही... दातही नाहीत म्हणा.

पुढे कुळांचा कायदा आला. कसणाऱ्याला जमिनीवरून काढता येणार नाही असं ठरलं. पण फळबागेच्या कुळाला ते संरक्षण नव्हतं. त्यांच्या भावाने, नानासाहेबांनी, एका पावसाळ्यात आमच्या वावरात संत्र्याची कलमं लावली आणि कचेरीत अर्ज दिला, की ही वडिलांच्या वेळची बाग आहे, जुनी झाडं वाळली म्हणून नवी लावली. ते खरं धरलं गेलं असतं तर आम्ही दुसऱ्याच्या धुऱ्यावर मजुरीला उभे राहिलो असतो. नानासाहेबांविरुद्ध गावात कोणी बोलेना. त्यांनी साक्षीला बहीण बोलावली. घरची लेक, ती भावाविरुद्ध काय बोलणार!

अचलपूरच्या कचेरीत मी दाराशी उभी होते. नानासाहेबांच्या वकिलाने विचारलं, "बाई, या वावरात संत्र्याची बाग होती ना?"

अनसूयाबाई म्हणाल्या, "आमच्या घरी नव्या बागेचं पयलं फळ लेकीच्या ओटीत पडते. विहिरीवरच्या आंब्याचं माह्या ओटीत पडलं. या वावरातलं संत्रं नाई पडलं. इथून मले तूर आली, हुरडा आला."

"जुनी गोष्ट आहे. विसरला असाल."

"माहेरून काय आलं आन् काय नाई आलं, हे बाई इसरते का वकीलसाहेब? घरी बायकोले इचारजा."

तहसीलदारांनी हसू दाबायला रुमाल काढला. वावर बागेचं नाही, कोरडवाहू ठरलं आणि आमच्याकडे राहिलं. नानासाहेब वर अमरावतीला गेले, तिथेही तेच झालं.

त्या दिवशी कचेरीबाहेर चिंचेखाली नानासाहेब म्हणाले, "अनसू, आता माह्या दारात पाय ठेवू नको."

"नाई ठेवत. पण माह्या तोंडून खोटं काहून वदवत होता?"

आमचे हे त्यांची पिशवी धरायला धावले तर म्हणाल्या, "राहू दे. माह्यासंगं दिसू नको." एकट्याच एस.टी.त बसल्या. गावात पुन्हा कधी आल्या नाहीत. नानासाहेब वारले तेव्हाही त्यांना निरोप गेला नाही.

एका दिवाळीला आमचे हे चोळीचा खण घेऊन हिवरखेडला गेले. अनसूयाबाईंनी पोटभर जेवू घातलं, आणि खण परत यांच्या पिशवीत ठेवला. "घेतला तर माही साक्ष इकल्यासारखी होते, भाऊ." आमच्याकडून त्यांनी कधी मूठभर तूर घेतली नाही. मी जायचे ती रिकाम्या हाताने, भांडायला.

आमच्याकडे बाईच्या अंगावर शेवटचं लुगडं माहेरचं घालतात. माहेरून कोणी आलं नव्हतं. मी एक लुगडं नेलं होतं. म्हटलं, आता तर बाई नाही म्हणू शकत नाहीत. पिशवीत हात घातला तोच सून आतून घडी घेऊन आली.

"बाईंनी अकोल्याहून सोताच आणून ठेवलं होतं, मावशी. म्हणत, अचलपूरची येईल पिशवी घेऊन, तिले सांगजो, माहं माहेर मीच आणून ठेवलं."

मला हसू आलं. जमलेल्या बायका बघतच राहिल्या.

माझं लुगडं मी परत आणलं. पेटीत तसंच आहे. सुनेला सांगून ठेवलंय, हे कोणाला द्यायचं नाही. माझ्याही माहेरी आता कोणी उरलेलं नाही.